भूतसरांचे बोलपट

भर एप्रिलात वर्गातला पंखा बंद करायला लावणारा दुसरा माणूस परभणी जिल्ह्यात सापडायचा नाही. पूर्णेच्या कॉलेजात इंग्रजी शिकवणारे आमचे सर जुन्या भयकादंबऱ्यांवर निघालेले पहिलेवहिले बोलपट दाखवायचे, म्हणून ते भूतसर. त्या बोलपटांत मागे संगीत नाही, दोन वाक्यांच्या मध्ये नुसती खरखर. "पंखा बंद करा," सर म्हणायचे. "भूत त्या खरखरीत हाय. पडद्यावर दिसायलाय तो पगारी नट हाय." आम्ही घामानं चिंब, आणि नेमकं तेव्हाच जंक्शनवर इंजिन भोंगा द्यायचं. सरांचं तोंड कडू व्हायचं.

आधी कादंबरी, मग सिनेमा, हा त्यांचा कायदा. मी झरी गावची; एकदा नुसतं गाइड वाचून बसले, तर म्हणाले, "झरीच्या बाई, नवरा न बघताच अक्षता टाकायलात तुमी." मेली लाज अजून वाटते.

सरांच्या बायकोला, आमच्या काकूंना, इंग्रजीचं अक्षर येत नव्हतं. संध्याकाळी सर त्यांना सिनेमातलं एकेक वाक्य आपल्या बोलीत सांगत. सरांच्या बोलीतलं खानदानी भूत पाहुण्याला "तशरीफ ठेवा" म्हणायचं. काकू शेंगा फोडत ऐकायच्या.

मग सरांच्या घशात गाठ निघाली. डॉक्टर म्हणाले, स्वरयंत्र काढलं तर जीव वाचेल. सर तयार होईनात. काकूंनी अन्न सोडलं, तेव्हा झाले. मला म्हणाले, "चला, बोलपटातनं मूकपटात बदली झाली." मला हसू आलं नाही.

त्यानंतर संध्याकाळी ती वाक्यं काकू म्हणायच्या, निम्मी पाठ, निम्मी मनची. सर बिनआवाजाचं हसायचे. जेमतेम वर्ष गेलं आणि गाठ परत आली. "आवाज बी गेला, माणूस बी चाललं," काकू मला म्हणाल्या. "म्याच घालवला आवाज. तेवढं वर्ष तर बोलले असते."

सरांची तिरडी उचलली तेव्हा काकू दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "या." मला वाटलं, सवयीनं आलं तोंडातून. चाळीस वर्षं सर "येतो" म्हणून कॉलेजला निघायचे आणि त्या हेच म्हणायच्या. त्यांच्या जावेनं घाईनं त्यांच्या तोंडावर हात ठेवला. "अवो, गेल्या माणसाला या म्हणू न्हाई."

काकूंनी तो हात बाजूला केला. "ह्यांच्या सिनेमात मेलेलं माणूस बोलावल्याबिगर उंबरा ओलांडत न्हाई," त्या म्हणाल्या. "म्हनून बोलावलं."