दुसऱ्या लॉटचं निळं

माझ्या नणंदबाईंवर मी जितकी जळले, तितकी कुठलीही बाई दुसऱ्या कुठल्याही बाईवर जळली नसेल. हे मी एकदा त्यांच्या तोंडावरच सांगितलं. त्या चहा गाळत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "जळू नकोस वहिनी, रंग उतरतो." रंग उतरणं हा त्यांच्या लेखी कापडाचा दोष, आणि माणूस म्हणजे त्यांना कापडाचाच एक प्रकार वाटतो. उल्हासनगरच्या कॅम्पात एका मॅचिंग सेंटरच्या काउंटरमागे त्यांनी सगळी उमेदीची वर्षं काढली. गिऱ्हाईक बाई दुकानाची पायरी चढते न चढते, पिशवीच्या तोंडाशी साडीचा दोन बोटं काठ दिसतो न दिसतो, तोवर नणंदबाईंचा हात वरच्या फळीवरच्या नेमक्या गठ्ठ्यावर पडलेला असायचा. कोनफळी, आमसुली, गजरी, शेवाळी अशी रंगांची नावं त्या नातेवाइकांची घ्यावीत तशी घेत. ब्लाउजपीस कापायच्या आधी मात्र साडी आणि कापड दोन्ही घेऊन त्या दुकानाबाहेर पायरीवर जात, कारण ट्यूबच्या उजेडात रंग खोटं बोलतात अशी त्यांची ठाम समजूत. दुकानाचा सिंधी शेठ त्यांना 'अदी' म्हणजे ताई म्हणायचा आणि येईल त्याला सांगायचा, "हमारी अदी की आँख के सामने मशीन क्या चीज है!"

आता मी कोण, तर चित्रकलेची शिक्षिका. रीतसर पदविका घेतलेली, रंगचक्र फळ्यावर डोळे मिटून काढणारी, तीस वर्षं पोरांना एलिमेंटरी-इंटरमिजिएटला बसवणारी. रंगाचा अधिकार घरात कोणाचा असायला हवा, ते वाचकांनीच सांगावं. पण आमच्या घरात तो प्रश्न मी सून म्हणून यायच्या आधीच निकालात निघाला होता. मला बघायला मंडळी आली तेव्हा नणंदबाईंनी माझं शिक्षण विचारलं नाही, स्वयंपाक विचारला नाही. मला मनगटाला धरून त्यांनी सरळ गॅलरीत उजेडात नेलं, पदर आणि बाही शेजारी धरल्या आणि हळहळून म्हणाल्या, "साडी चिंतामणी आणि ब्लाउज जांभळा? कोणी दिला गं हा तुला?" तो मी स्वतः निवडला होता. रंगशास्त्रात पहिला वर्ग मिळाल्याच्या आनंदात. त्या दिवसापासून जळायला सुरुवात झाली ती आजतागायत चालू आहे.

बारवी धरणावर सहलीला गेलो तर सगळे पाणी बघतात आणि या म्हणतात, "हा शेड आमच्याकडे यायचा, पण धुतल्यावर टिकायचा नाही." चिखलोलीला भाचीनं नवा फ्लॅट घेतला. वास्तूच्या दिवशी जेवणाच्या पंगतीत नणंदबाईंनी पेंटरला बोलावून विचारलं, "खिडकीपासून पुढे दुसरा डबा उघडलास ना?" पेंटरच्या हातातली जिलबी तशीच राहिली. एकच रंग, एकच कंपनी, पण दोन वेळा केला की दोन लॉट होतात आणि दोन लॉट कधीही सारखे नसतात, हे त्यांच्या आयुष्याचं एकमेव तत्त्वज्ञान. माझं दुःख असं की माझा स्वतःचा मुलगासुद्धा त्यांच्याच पंथाचा निघाला. मी शाळेत परीक्षेचे जादा तास घ्यायचे, तेव्हा तो आत्याच्या दुकानात काउंटरखाली बसून चिंध्यांशी खेळायचा. बालवाडीत बाईंनी मोर दाखवून रंग विचारला तर इतर मुलं निळा म्हणाली, हा म्हणाला, "मोरपंखी, पण जरा डल."

हाच मुलगा नोकरीसाठी पॅरिसला गेला. तिथलं ते जगप्रसिद्ध संग्रहालय मी माझ्या वर्गात तीस वर्षं छापील चित्रांवरून शिकवत आले होते. ती चित्रं इतकी जुनी की सगळ्या राजेराण्यांना कावीळ झाल्यासारखी दिसायची. "आई, तू ये," मुलाचा फोन आला. माझे डोळे भरून आले. "आणि आत्यालाही आण," तो पुढे म्हणाला. डोळे जागच्या जागी कोरडे झाले. आमच्या ह्यांना गुडघ्यांमुळे चालवत नाही, त्यामुळे त्यांनी तर बहिणीचं नाव आनंदानं पुढे केलं. बदलापूरहून विमानतळापर्यंत टॅक्सीत नणंदबाई एकच वाक्य बोलल्या. "वहिनी, तिथे काय बघायचं ते तू सांग बाई, मला त्यातलं काही कळत नाही." खरं सांगते, त्या वाक्यानं मला फार बरं वाटलं.

मुलानं आमच्यासाठी आठ जणांच्या लहान गटाची फेरी ठरवली होती. त्याला ऑफिस असल्यानं तो आम्हाला दाराशी सोडून गेला. गाइड म्हणजे केस बारीक कापलेली, उंच, गोड मुलगी. तिनं सगळ्यांच्या कानात एकेक यंत्र अडकवलं, ती हळू बोलली तरी ऐकू येणारं. नणंदबाईंना इंग्रजीचा गंध नाही, पण यंत्र त्यांनी शेवटपर्यंत काढलं नाही. मान डोलवत ऐकत होत्या. "आवाज किती स्वच्छ आहे पोरीचा," म्हणाल्या. मी वही भरून टिपणं नेली होती. तीन वेळा चांगले प्रश्न विचारले. गाइड माझ्याकडे बघून म्हणाली, तुम्ही अभ्यास केलेला दिसतोय. मी नणंदबाईंकडे तिरक्या नजरेनं बघितलं. त्या एका संगमरवरी बाईच्या अंगावरच्या दगडी वस्त्राची चुणी निरखत होत्या. "मलमल आहे," त्यांनी मला सांगितलं. "सुती. स्टार्च न केलेली." ज्या बाईच्या हसण्यासाठी सारं जग तिथे गर्दी करतं, तिच्यासमोर सगळ्यांनी फोन वर केले, या म्हणाल्या, "हिच्या डोक्यावर बारीक जाळी आहे, बघितलीस? इतकी बारीक जाळी आता येत नाही." मी तिची छापील प्रत तीस वर्षं वर्गात लावली होती. जाळी मला पहिल्यांदाच दिसली.

आणि मग ते चित्र आलं. निळ्या शालीतली आई आणि तिच्या मांडीवर बाळ. त्या निळ्याबद्दल गाइड बराच वेळ बोलली: दूर देशातला दगड कुटून तो रंग कसा करायचे, सोन्याइतका कसा जपायचे. मी सगळं मराठीत सांगत होते. नणंदबाई एकदम माझ्या दंडाला धरून म्हणाल्या, "वहिनी, तिला सांग, खाली गुडघ्यापाशी दुसऱ्या लॉटचं निळं लावलंय." मी बघितलं. मला सगळं सारखंच निळं दिसलं. "काहीतरीच काय ताई," मी म्हटलं. "अगं खरंच. दारात नेऊन बघायला मिळालं असतं तर तुलाही दिसलं असतं. सांग ना तिला."

गाइडनं आमची कुजबुज ऐकली आणि हसून विचारलं, या काय म्हणतायत?

इथे मी जे केलं ते आजवर घरी कोणाला सांगितलं नव्हतं. मी म्हणाले, "निळा रंग खूप आवडला म्हणतायत." गाइड "हो का" म्हणत गोडसं हसली आणि पुढे वळली. नणंदबाई तिच्या चेहऱ्याकडे बघत राहिल्या. तीस वर्षं गिऱ्हाइकांचे चेहरे वाचलेली बाई ती. "तू सांगितलं नाहीस," त्या म्हणाल्या. रागावल्या नाहीत. "असू दे. माझंच चुकलं असेल. इथे आपलं काय." आणि पहिल्यांदाच त्यांनी कानातलं यंत्र काढून हातात घेतलं.

पुढची दोन दालनं तशीच गेली. कापडाचं नाव नाही, रंगाचं नाव नाही. चित्रांकडे न बघता पायाखालच्या फरशीकडे बघत माझ्या मागून चालत होत्या, शाळेत पालकसभेला आलेल्या एखाद्या अडाणी आईसारख्या. माझ्या वहीतलं सगळ्यात मोठं चित्र समोर आलं, ज्याच्यासाठी मी सगळं आयुष्य थांबले होते ते. गाइड बोलत होती. मला त्यातला एक शब्द ऐकू आला नाही. मला नुसती ती हातातली लोंबणारी वायर दिसत होती.

गाइडचं बोलणं संपल्यावर मी तिच्यापाशी गेले. इंग्रजी माझं बेतास बात. म्हटलं, मघाशी मी चुकीचं सांगितलं. माझ्या नणंदेचं म्हणणं असं आहे की आईच्या गुडघ्याजवळचं निळं वेगळं आहे, नंतर लावलेलं आहे. गाइड थबकली. तिनं इतरांची परवानगी घेतली आणि आठही जणांना घेऊन दोन दालनं मागे गेली. नणंदबाईंना पुढे केलं. त्यांनी लांबूनच, हवेत बोट फिरवून, शालीच्या खालच्या कडेवरचा वीतभर पट्टा दाखवला; कापायच्या आधी खडूनं खूण करावी तसा. गाइड त्यांच्या बोटाकडे बघत राहिली. मग सगळ्यांकडे वळून म्हणाली की हे खरं आहे. फार पूर्वी ओल लागून तेवढा भाग खराब झाला होता, तो नंतर कोणीतरी पुन्हा रंगवला. ती स्वतः हे कागदपत्रात वाचून शिकली. नुसत्या डोळ्यांनी ओळखणारं माणूस तिला अजून भेटलं नव्हतं. काठी टेकत चालणारे एक म्हातारे गृहस्थ टाळ्या वाजवू लागले आणि पहारेकऱ्यानं त्यांना गप्प केलं.

"या चित्रकार आहेत का?" गाइडनं मला विचारलं.

"काय म्हणते?" नणंदबाई.

मी या वेळी शब्दाला शब्द सांगितला. त्या लाजल्या. पदर सारखा केला, माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाल्या, "तिला सांग, चित्रकार ही आहे. मी मॅचिंगवाली."

ते वाक्य इंग्रजीत सांगायला मला बराच वेळ लागला.

या गोष्टीला आता दोन वर्षं होतील. मुलगा पॅरिस सोडून दुसरीकडे गेला. शेठ गेल्यावर त्याच्या मुलांनी मॅचिंग सेंटर बंद करून तिथे मोबाइलची कव्हरं विकायला घेतली. हल्ली साड्यांबरोबर ब्लाउज शिवूनच येतो. गेल्या पावसाळ्यानंतर अंबरनाथला नणंदबाईंच्या डोळ्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं. पट्टी निघाली तेव्हा त्यांनी खिडकीतून आभाळाकडे बघितलं, मान फिरवून पुन्हा बघितलं. मग घाबऱ्या आवाजात म्हणाल्या, "वहिनी, आभाळ असं असतं? मग इतकी वर्षं मी काय बघत होते? किती बायकांना चुकीचे ब्लाउज दिले असतील गं मी!" म्हणजे पॅरिसला ते दुसरं निळं या बाईंनी धुकं आलेल्या डोळ्यांनी ओळखलं होतं, आणि माझे डोळे आजही ठणठणीत आहेत. मी डॉक्टरांसमोर बसून पुन्हा एकदा मनसोक्त जळून घेतलं.

आता दर गुरुवारी दुपारी त्या अंबरनाथहून माझ्याकडे बदलापूरला येतात. परत पॅरिसला जाणं आम्हा दोघींच्याही नशिबात नाही, हे न बोलता ठरलेलं आहे. "नव्या डोळ्यांनी ते निळं बघायचं राहिलं," असं त्या एकदा म्हणाल्या, म्हणून मी रंगपेटी काढली. मी बशीत निळं कालवते, त्यात कणभर जांभळा, कणभर काळा, थेंबभर पाणी. कागदावर पट्टा ओढते. त्या कागद उचलतात, गॅलरीत उजेडात नेतात, डोळे बारीक करून बघतात आणि मान हलवतात. "नाही. पण मागच्या गुरुवारपेक्षा जवळ आलंय." मी बशी धुते आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करते.