पाटीला पाय

स्कॉटलंडच्या एका ओसाड बेटावर मला नेणारा होडीवाला सत्तरीचा होता. कशाचंही कौतुक करायचं नाही, अशी त्याने शपथच घेतली असावी. खास हे बेट बघायला इंग्लंडमधल्या रीडिंग गावाहून आलोय म्हटल्यावर तो एवढंच म्हणाला, "का?"

बेटावर पूर्वी पाटीच्या दगडाची खाण होती. आता बिनछपराची घरं, गंजलेली यंत्रं आणि पाण्याने भरलेले खड्डे. "देशभरच्या घरांवर या दगडाची छपरं इथून गेली," तो नाक शिंकरत म्हणाला, "इथल्या घरांवरचीही गेली."

होडीतून उतरलो तो पाय पाटीवरच पडला. हात आपोआप खाली गेला आणि कपाळाला लागला. पुण्यातल्या शाळेची सवय, दुसरं काय! पुढच्या पावलाला पुन्हा पाटी. अख्खं बेटच पाट्यांचं! तिसऱ्या नमस्काराला त्याने विचारलं, "कंबर धरली का?"

मी सांगितलं, आमच्याकडे मुलं यावर अक्षरं गिरवायची. ही विद्या, पाय लागला की पाया पडायचं.

तो हसला नाही. "माझ्या पणजोबाने जन्मभर इथे हेच फोडलं. सही मात्र फुलीची." मग लगेच म्हणाला, "असे वाकत राहिलात तर गुरुवारी पोचाल. होडी चारला सुटते."

चारला होडीत चढताना त्याच्या बुटाखाली एक पाटी कटकन मोडली. त्याने सणसणीत शिवी हासडली, आणि मी बघत नाही असं समजून हळूच टोपीला हात लावला.