किलोभर गहू

सावेडीतल्या आमच्या गिरणीत एक म्हातारेबाबा रोज सकाळी किलोभर गहू घेऊन यायचे. डबा रांगेत ठेवायचा, मग दुसऱ्यांच्या डब्यातले दाणे चावून बघायचे आणि विचारायचं, "लोकवन हाय का? कुठून आनला?" गिरणीवाला त्यांच्या गप्पांत रमायचा आणि मला ऑफिसला उशीर व्हायचा. एकदा मी चिडून म्हटलं, "बाबा, महिन्याचं एकदम दळून न्या की!"

"नेलं आस्तं," ते म्हणाले, "पन मंग महिनाभर बोलायचं कुनाशी? पोरगा-सून कामाला जात्यात, अन् बिल्डिंगीत समद्यांची दारं बंद."

यंदा मुलगी नोकरीला पुण्याला गेली आणि घरात मी एकटी राहिले. परवा गिरणीला निघताना भरलेल्या डब्यातले निम्मे गहू मी परत कोठीत ओतले.