न्यू लिनच्या हॉलमधलं भजन

त्या हिवाळ्यात मी दत्त महाराजांवर रागावले होते. श्रीकांतची, म्हणजे माझ्या नवऱ्याची, नोकरी गेली आणि हळूहळू त्याचं बोलणंच बंद झालं. ऑकलंडमधल्या आमच्या घरी दर गुरुवारी भजन व्हायचं, तोच गायचा, तेही थांबलं. डॉक्टरांकडे चल म्हटलं की भिंतीकडे तोंड. भजनाच्या मंडळींना आम्ही सांगितलं, बॅक पेन आहे. आपल्याकडे पाठ दुखली तर लोक तेल सुचवतात, मन दुखतंय म्हटलं की कुजबुज सुरू होते. याला बोलतं कर, एवढंच मी देवाकडे मागत होते. देव ढिम्म हलत नव्हता.

ऑकलंडच्याच न्यू लिन भागातल्या एका हॉलमध्ये मनाच्या आरोग्यावर कार्यक्रम होता. मी तिथे स्वयंपाकघरात मदतीला जाते. मला गाडी येत नाही, म्हणून श्रीकांत सोडायला आला आणि पार्किंगमध्येच बसून राहिला. खिडकीतून बघते तर एक अनोळखी बाई खुशाल आमच्या गाडीत त्याच्या शेजारी बसली! गाडी चुकली असेल म्हणून मी हात पुसत निघाले, तर हॉलच्या यजमान, इथल्या मूळच्या माओरी समाजातल्या एक वयस्कर बाई, हसून म्हणाल्या, "लीव्ह हर, डिअर. आजच्या पाहुण्या आहेत त्या." ऑस्ट्रेलियातल्या आदिवासी समाजातल्या त्या रंगकर्मी आणि लेखिका, सगळे त्यांना आंटी म्हणत. मी गुपचूप कांदा चिरायला परतले आणि कार्यक्रम सुरू झाल्यावर हॉलमध्ये जाऊन बसले.

आंटींनी गाऊन, नाचून, मध्येच वाचून आपल्या गेलेल्या भावाची गोष्ट सांगितली. "तो थकलाय, एवढंच आम्ही म्हणत राहिलो," त्या म्हणाल्या. "आजाराचं खरं नाव घ्यायला उशीर झाला. आता मी ते घेत गावोगाव फिरते." माझ्या अंगावर काटा आला. मग कुणाला बोलायचंय का, असं यजमानबाईंनी विचारलं आणि मी उठले. आज बॅक पेन म्हणायचं नाही हे पक्कं होतं.

"माझ्या नवऱ्याला डिप्रेशन आहे," मी म्हणाले, "आणि मला फार भीती वाटते."

माओरी रीत अशी, की बोलणाऱ्याची माणसं त्याच्यामागे उभी राहून गाणं म्हणतात. त्याशिवाय बोलणं पुरं होत नाही. सगळे त्या गाण्यासाठी थांबले. माझं तिथे कोण होतं? आंटी उठून माझ्यामागे आल्या, पण आमचं गाणं त्यांना कुठून येणार! तेवढ्यात दाराकडून गुरुवारचं भजन ऐकू आलं. आवाज बसलेला, चिरकलेला, पण श्रीकांतचाच. गात गात तो माझ्यामागे येऊन उभा राहिला. दुसऱ्या कडव्यात अडकला, तेव्हा पुढची ओळ मी धरली. रडत रडतच आम्ही ते पुरं केलं.

घरी जाताना विचारलं, आंटी गाडीत काय म्हणाल्या?

"स्टेजची भीती वाटतेय, जरा बसू का, म्हणाल्या. मग नुसत्याच बसल्या. शेवटी म्हणाल्या, ही बॅग जड आहे, आत आणून दे. दिली, आणि मग दाराशीच ऐकत उभा राहिलो."

दत्त महाराज कुठल्या वेशात येतील सांगता येत नाही, असं आई म्हणायची. मी वाद घालत नाही, फक्त हात जोडते. श्रीकांत काही एका रात्रीत बरा झाला नाही. पण डॉक्टरांकडे गेला, औषध चालू आहे. त्याला बोलतं कर म्हणत होते, महाराजांनी आधी मला बोलतं केलं. तो कधी, कसा बरा होईल ते आता त्यांच्यावर सोडलंय. बोलणं मात्र मी सोडणार नाही.

गुरुवारचं भजन पुन्हा सुरू झालंय. आरतीआधी आम्ही एकमेकांना विचारतो, मन कसं आहे? पहिल्या गुरुवारी आम्ही बॅक पेनमागचं खरं सांगून टाकलं, तेव्हा सगळे चुळबुळले. मग कधीपासून कमरेला पट्टा बांधून फिरणारे आमचे जोशीकाका हळूच म्हणाले, "खरं सांगू? माझीही कंबर दुखत नाहीये."