त्या किनाऱ्यावर मीही होतो

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही — आणि तिला तर माझ्याबद्दल सगळंच माहीत असतं, असा तिचा दावा आहे. तुम्हाला सांगतोय. हसू नका मात्र.

जर्मनीत, ड्रेस्डेनला कॉम्प्युटर चिपच्या कारखान्यात नोकरीला होतो तेव्हाची गोष्ट. उन्हाळ्यात मी एकटाच ट्रेनने उत्तरेला जायचो, ओस्टझेच्या, म्हणजे बाल्टिक समुद्राच्या किनाऱ्यावर. कपडे न घालता वावरायचा किनारा. तिथल्या लोकांना त्याचं काही म्हणजे काही वाटत नाही — आजी-आजोबा वाळूत बसून शब्दकोडी सोडवतात, थर्मासमधली कॉफी पितात. मी का जायचो? माझ्या पाठीवर कोडाचे डाग आहेत. पुण्यात पोहायला शिकलो नाही तो त्यांच्यापायीच. आणि इथे कुणी बघतच नव्हतं हो! पाठीवर ऊन पडलं की कसं वाटतं, ते मला तिशीत कळलं.

एकदा पाण्यातून बाहेर येतोय, तर समोर मेधाताई. आमच्या मराठी मंडळातली, विद्यापीठात संशोधन करणारी. मी नवा असताना पत्ता नोंदवायला, त्या आनमेल्डुंगच्या रांगेत, माझ्यासोबत ताटकळलेली हीच. रविवारी मंडळातल्या मुलांना मराठी शिकवायची. पोरं जर्मनमध्ये उत्तरं द्यायची, तरी हौसेनं शिकवायची. तिने मला ओळखलं, हात हलवला, आणि नजर वळवून पाण्याकडे गेली. तिथली रीतच ती — पाहिलेलं तिथेच ठेवायचं.

मी? टॉवेल पाठीवर ओढून पळालो. ट्रेनमध्ये डोक्यात एकच — हिने डाग पाहिले. आई पुण्यात माझ्यासाठी स्थळं बघत होती. ही कुठे बोलली तर?

आणि मग — कसं सांगू? — मंडळाच्या गणपतीत मी एका वहिनींच्या कानावर घातलं. ऐकलंय हं नुसतं, पण मेधाताई म्हणे तसल्या बीचवर जाते. म्हणे! तिची आधीच छी-थू झाली, की माझ्याबद्दल ती काय बोलते ते कोण ऐकणार? इतका नीच विचार केला मी, आणि तोही बाप्पासमोर.

आरती संपेस्तोवर खोलीभर कुजबुज. एका काकांनी सगळ्यांसमोर विचारलं, "काय गं मेधा, खरं का हे?"

तिच्या हातात मोदकांचं ताट होतं. तिने माझ्याकडे पाहिलं. तिला तिथे पाहणारा स्वतःही तिथेच असणार, तसाच — एवढं म्हणाली असती तरी मी संपलो असतो. ती म्हणाली, "हो, जाते. बरं वाटतं तिथे." आणि माझ्या पानात मोदक वाढला. वर तूपही.

मी खाल्ला तो.

पुढे एकेकानं मुलांना तिच्याकडे पाठवणं थांबवलं. काही रविवार ती रिकाम्या वर्गात बसून राहिली, असं कानावर आलं. मग वर्गच बंद झाला, मंडळात येणंही. मी फोन केला नाही. माझं लग्न झालं. डाग आधीच सांगितले होते. "बरं, मग?" एवढंच म्हणाली बायको.

मेधाताईबद्दल तुला कुणी सांगितलं, असं मला आजवर एकानेही विचारलेलं नाही. विचारलं असतं तरी मी खोटंच बोललो असतो.