देवळात मिटलेली केस

पाटाच्या पाण्यावरून भांडण झालं आणि माझ्या नवऱ्याने शेजाऱ्याच्या हातावर फावड्याचा दांडा घातला. हात मोडला. चूक आमचीच, मी तेव्हाही तेच म्हणत होते. खालच्या कोर्टाने तीन महिन्यांची शिक्षा दिली. म्हापशाच्या वकिलाने वरच्या कोर्टात अर्ज केला, म्हणून नवरा घरी तरी राहिला.

मग गावाने दोघांना देवळात उभं केलं. नारळ ठेवला, गाऱ्हाणं घातलं, सगळ्यांनी "व्हय म्हाराजा" म्हटलं. शेजारी म्हणाला, "आता माजा कायच म्हणणां ना." संध्याकाळी आमच्या पोफळींना पाणी आलं. आमच्याकडे देवासमोर मिटलं की मिटलं.

वकिलाला हे सांगितलं तर तो वैतागलाच. "अहो बाई, कोर्टाला हे कसं कळणार? शेजाऱ्याची सही आणा, तारखेला दोघांनाही पाठवा."

घरात बारावी शिकलेली मी एकटी, म्हणून सगळे कागद माझ्या गळ्यात. पण देवासमोर शब्द दिलेल्या माणसापुढे कागद धरायचा? माझी जीभच रेटेना. रात्री जेवताना नवऱ्याने विचारलं, "वकील काय म्हणता?"

"काय ना. मिटलां म्हणून सांगलंय," मी म्हटलं.

मागची तारीख ट्रकच्या फेरीमुळे चुकली होतीच; याही तारखेला तो नेहमीसारखा ट्रक घेऊन कामावर गेला.

दोन दिवसांनी वकिलाचा फोन आला. अर्जदार सलग दुसऱ्या तारखेला गैरहजर, म्हणून अर्ज फेटाळला होता; आता तीन महिन्यांची शिक्षा भोगायला पोलीस केव्हाही नेतील. तो पुन्हा उभा करता येईल, पण दोघांना घेऊन आजच्या आज या, म्हणाला.

आजच्या आज! नवऱ्याला सांगावं तर माझं खोटं उघडं पडणार. शेजाऱ्याकडे जावं तर कुठल्या तोंडाने? उद्या सांगू, उद्या सांगू करत आठ दिवस घालवले. धारगळच्या हायवेवरून वाडीत वळणाऱ्या प्रत्येक गाडीला मी दारात येऊन बघायचे. नवरा मजेत बोलत जेवायचा आणि मी नुसती वाढत राहायचे. स्वतःची चीड यायची, मग देवाचीही यायची.

नवव्या दिवशी सकाळी पोलीस आले. नवऱ्याला काय चाललंय तेच कळेना. आरडाओरडा ऐकून शेजारी कुंपण ओलांडून धावत आला आणि हवालदारावर तुटून पडला. "ह्याका खंय व्हरतात? मार खाल्लो तो मी, आनी माजी तक्रार ना. आमचां देवळात मिटलां!"

"मगे तां कोर्टात येवन सांगूक नको?" हवालदार म्हणाला.

"माका कोणी सांगलांच ना! सांगलां आसतां तर पयल्या बशीन गेलो आसतंय."

नवरा चपला घालत होता. त्याने मान वर करून माझ्याकडे पाहिलं. मी नजर खाली घातली. त्याला सगळं समजलं.

जीपमध्ये बसताना तो शेजाऱ्याला म्हणाला, "घराकडे बघ."