सुट्टीच्या दिवशीची मेड

२००६ साली लेकीला अ‍ॅनिमेच्या मेळाव्याला घेऊन अमेरिकेतल्या पार्सिपनी गावच्या एका हॉटेलात गेलो होतो. लॉबीत एक तरुणी ताठ उभी होती. घोट्यापर्यंत काळा झगा, कडक इस्त्रीचा पांढरा एप्रन, केसांवर झालरीची टोपी.

"बाबा, व्हिक्टोरियन मेडचा वेश. जपानी कार्टूनमध्ये मेड अशाच असतात," लेक म्हणाली.

तिच्यासोबत फोटो काढायला रांग लागली होती. प्रत्येक फोटोआधी ती एप्रनवरून हात फिरवायची. मी झग्याचं कौतुक केलं.

"मीच शिवलाय," ती म्हणाली. "एरवी मी इथेच रूम्स साफ करते. तेव्हा कोणी बघतही नाही."

तेवढ्यात एका पाहुण्याने तिच्याकडे टॉवेल मागितले.

"आज माझी सुट्टी आहे," ती शांतपणे म्हणाली, आणि एप्रनवरून हात फिरवून कॅमेऱ्याकडे वळली.